दुसरी दाढ

दातकाठीच्या टोकाला तांबडा दिवा लागला तेव्हा डॉ. महानंदा बिराजदारला वाटलं, आपलाच हात हलला असेल.

"अप्पा, अजून एकदा. जीभ जरा मागं घ्या."

खुर्चीत आडव्या झालेल्या अप्पांनी मुकाट्यानं जबडा वासला. बसवंत बिराजदार, वय सहासष्ट, उमराळच्या एसटी डेपोतले निवृत्त मेकॅनिक. साठीच्या पुढच्यांची नोंदणीची मुदत महिन्याभरात संपणार होती आणि केंद्र पोरीच्याच दवाखान्यात, म्हणून सकाळी आंघोळ करून, कडक इस्त्रीचा सदरा घालून ते आले होते. "सरकारी काम हाय, तर नीट दिसावं माणसानं," असं वर म्हणालेही होते.

दुसऱ्यांदा तांबडाच. नंदानं टोक पुसलं, यंत्र बंद करून पुन्हा चालू केलं. तिसऱ्यांदाही तेच. पडद्यावर ओळ उमटली: 'दुसरी दाढ, खालची, डावी. बालपणाचे मूळस्थान देशाबाहेर. खात्री सत्त्याण्णव टक्के.'

"काय गं? कीड लागलीया का?"

"नाही," ती म्हणाली. तिनं पडदा आपल्याकडं वळवला.

मूळस्थान कायदा येऊन दोन वर्षं झाली होती. त्याआधी कागद होते, पण कागदावर कुणाचाच विश्वास उरला नव्हता. जन्मदाखला छापून मिळायचा, शाळेचा दाखला विकत मिळायचा. मग सरकारनं दात धरले. त्यामागचं विज्ञान खोटं नव्हतं, हीच त्यातली गोम होती. खडकात स्ट्रॉन्शियम नावाचं मूलद्रव्य असतं. त्याचे काही अणू जड, काही हलके, आणि त्यांचं प्रमाण खडकाखडकागणिक वेगळं. दख्खनचा काळा पाषाण वयानं तरुण, त्यात जड अणू कमी. दक्षिणेकडचा जुना खडक अब्जावधी वर्षांचा, त्यात ते जास्त. हिमालयातून वाहून आलेल्या गाळाचं गणित आणखी निराळं. हे स्ट्रॉन्शियम खडकातून पाण्यात उतरतं, पाण्यातून ज्वारीत आणि गवतात, गवतातून दुधात, आणि दुधातून लेकराच्या घडत असलेल्या दातात. हाडं आयुष्यभर झिजतात, भरतात, बदलतात. दाताचं कवच मात्र एकदा घडलं की घडलं. दुसऱ्या दाढेचं कवच तिसऱ्या वर्षाच्या सुमाराला टोकाकडून घडायला लागतं. म्हणजे तिसऱ्या वर्षी तुम्ही कुठल्या मातीचं खाल्लंत, ते मेल्यावरसुद्धा तुमच्या जबड्यात कोरलेलं राहतं.

पेनाएवढी लेसरची काठी ते अर्ध्या मिनिटात वाचायची. हिरवा दिवा लागला तर माणूस या राज्यातला. पिवळा लागला तर दुसऱ्या राज्यातला. त्यानं रेशन आणि मत आपल्या मूळ राज्यात जाऊन मागायचं, मग इथं तीस वर्षं घर असो. आणि तांबडा म्हणजे देशाबाहेरचा. तांबड्याच्या दारात आठव्या दिवशी गाडी यायची आणि त्याला 'पडताळणी निवासा'त घेऊन जायची. तिथून परत आलेला माणूस उमराळ तालुक्यानं अजून पाहिला नव्हता.

चौदा महिन्यांत नंदानं चार हजारांवर माणसं तपासली होती. त्यांतली दहा तांबडी. त्या दहाही जणांना तिनं समजुतीच्या सुरात सांगितलं होतं, "यंत्र खोटं बोलत नाही हो."

दुपारी दवाखान्याचं शटर अर्धं ओढून तिनं अप्पांना सांगितलं.

"म्हंजे मी कुठला?"

"आजी-आजोबा कधी बाहेर गेले होते का? कामाला वगैरे?"

"तुझा आजा इजापूरच्या पुढं गेला न्हवता. बाहेर काय घिऊन बसलीस!"

"मग यंत्र चुकलं असणार."

अप्पांनी मान वर केली. "बाकीच्यांचं न्हवतं चुकलं?"

नंदानं काठी पुसून खणात ठेवली.

"काढून टाक की ती दाढ," ते म्हणाले. "लोक काढतात म्हणं."

लोक काढत होते खरे. पण तीन महिन्यांपूर्वीच परिपत्रक आलं होतं: दुसरी दाढ नसेल आणि ती पडल्याचा जुना दाखला नसेल, तर तांबडा दिवा धरावा. शिवाय वाचन एकदा यंत्रात उतरलं की त्यानंतर दाढ काढणं म्हणजे पुरावा नष्ट करणं. पाच वर्षं. वाचनात फेरफार केला तर सात. आणि संध्याकाळी सहापर्यंत डॉक्टरनं दिवसाची वाचनं पाठवली नाहीत, तर यंत्र स्वतःच वर कळवणार.

सहाला पाच मिनिटं कमी असताना तिनं 'पाठवा' दाबलं. अप्पा शेजारीच उभे होते. "दाब," तेच म्हणाले. "दोघं आत गेलो, तर बाहेरनं धावपळ कोण करील?"

घरी जाताना कोपऱ्यावरच्या वाण्यानं नमस्कार केला तेव्हा तिनं पावलं उचलली. याला कळलं असेल का? उद्या गावाला कळेल. ज्या दहा घरांवर तिनं हा दिवा लावला होता, त्यांच्याशी गावानं बोलणं टाकलं होतं. पाण्याचा टँकरसुद्धा त्यांच्या दारी थांबत नव्हता.

चहा तसाच ठेवून तिनं त्या दहा नावांची यादी काढली. आजवर ती यादी तिनं मुद्दामच उघडली नव्हती. नावं वाचताना एकेक चेहरा डोळ्यांपुढं आला, आणि मग ती जन्मतारखांच्या रकान्यापाशी अडकली. १९६९. १९७०. १९६९. १९६९. पुन्हा १९७०. दहाच्या दहा जण वीस महिन्यांच्या आत जन्मलेले. अप्पा अकरावे.

बाहेरून लपूनछपून आलेली माणसं सगळी एकाच वयाची कशी असतील? चोरट्या वाटेनं येणाऱ्यांत म्हातारे असतात, पोरं असतात. यंत्रानं या लोकांत परका देश पकडलेलाच नव्हता. एक साल पकडलं होतं. ही सगळी माणसं तीन वर्षांची असताना काहीतरी झालं होतं.

"अप्पा, बाहत्तर साली काय होतं हो?"

"दुष्काळ. दुसरं काय? पर मला काय आठवणार, एवढासा होतो. शिवव्वाला इचार. तिनंच वाढवलं मला."

शिवव्वा आत्या अप्पांपेक्षा आठ वर्षांनी मोठी. लग्न होऊन हिरेकोळला गेलेली, इथून अठरा किलोमीटर, पण कर्नाटकात. पूर्वी माणसं बाजाराला पायी जायची. आता मधे नाका होता आणि नाव लिहून घेत. फोनवर हे बोलायचं धाडस नंदाला झालं नाही. सकाळी स्कूटरवर अप्पांना घेऊन ती गेली. नाक्यावरच्या शिपायानं ओळखपत्र हातात घेतलं तेव्हा अप्पांनी तोंड घट्ट मिटून घेतलं.

आत्या अंगणात तूर पाखडत होती. सगळं ऐकून तिनं सूप खाली ठेवलं.

"हितलं खाल्लं न्हाई म्हणतंय व्हय यंत्र? बरोबर सांगतंय की!" ती म्हणाली. "बाहत्तराला हितं खायाला व्हतं काय? हिरीला पाणी न्हवतं. म्हशी बाजारात सोडून आलेली माणसं. आई-बाप खडी फोडाय जायाचे, आन् ह्याला काखंत मारून मी दुदाच्या रांगेत. हालिन पुडी! पिठाचं दूद गं. बोटीतनं आलेलं, पोत्यावर विंग्रजी लिव्हलेलं. तांबडी मिलो ज्वारीबी तिकडचीच, जनावरास्नी घालायची म्हणं ती तकडं. दीड वरीस हा तेवढ्यावर जगला." तिनं अप्पांच्या पाठीवर हात ठेवला. "हौदु तम्मा, व्हय रं भावा, न्हाईतर मातीआड झाला असतास."

स्ट्रॉन्शियम कॅल्शियमच्या पाठीला लागून जातं, आणि लेकराच्या पोटात कॅल्शियम येतं ते मुख्यतः दुधातून. परक्या कुरणातल्या गाईंचं दूध, त्याची पावडर, इथल्या पोरांची दाढ. यंत्र अक्षरशः खरं बोलत होतं. पोरगं जागचं हललं नव्हतं, मातीच बोटीत बसून त्याच्या तोंडापर्यंत आली होती.

हे सिद्ध करायची एकच वाट होती. झाडाच्या खोडात जशी वर्षाची कडी पडतात, तसं दाताचं कवच थरावर थर घडत जातं. काठी फक्त टोक वाचते. तीच दाढ उभी कापून टोकापासून खालपर्यंत वाचली, तर आधी परका थर दिसायला हवा, दीड वर्षाचा, आणि त्याखाली पुन्हा काळ्या पाषाणाचा. पण कापायची तर दाढ आधी बाहेर काढावी लागणार.

"म्हंजे पाच वर्सं तुला," अप्पा म्हणाले.

"पंचांसमोर काढली, सगळं चित्रित केलं, तर कदाचित नाही."

"आन् कदाचित व्हय."

"हो."

पंच दोन हवेत. उमराळमध्ये नंदानं सहा घरांची दारं वाजवली. तिघांनी आतूनच 'घरात कुणी न्हाई' म्हणून सांगितलं. डेपोत अप्पांबरोबर अठ्ठावीस वर्षं एका खड्ड्यात उतरून गाड्यांची पोटं दुरुस्त करणारे शब्बीर मुलाणी फोनवर म्हणाले, "बसवंत, माझं अजून वाचन व्हायचंय. मीबी एकुणसत्तरचाच. मला यात ओढू नगंस." अप्पा "बरं" म्हणाले आणि त्यांनी फोन ठेवला. पुन्हा हिरेकोळला जाऊन विचारल्यावर एक पंच म्हणून आत्या यायला तयार झाली. पण तिच्या राज्यात दाताचा कायदा अजून आला नव्हता, आणि साक्षीसाठी या राज्यात शिरणाऱ्यानं इथं दात दाखवलाच पाहिजे असा नियम होता. "तांबडा लागला तर मलाबी नेत्याल का गं?" तिनं विचारलं, आणि उत्तराची वाट न बघता ती स्कूटरवर बसली.

तिसऱ्या दिवशी दुपारी नंदानं अवजारं मांडली तेव्हा शब्बीरभाई दारात उभे होते. टोपी हातात, घामानं सदरा भिजलेला. "सही कुठं करायची ते सांग," ते म्हणाले. "आत बघायला लावू नगंस, बास."

निरोगी दाढ सुखासुखी येत नाही. नंदानं आजवर शेकडो दाढा काढल्या होत्या, पण ही जबड्याला अशी धरून होती की तिच्या कपाळावरून घाम अप्पांच्या सदऱ्यावर ठिबकला. अप्पांनी खुर्चीची कड घट्ट आवळली होती. चिमट्यात ती एकदाची कट्ट आवाज करून सुटली, तेव्हा आत्या भिंतीकडे तोंड करून कानडीत काहीतरी पुटपुटत होती आणि शब्बीरभाई, बघायचं नाही म्हणणारे, दोघा पंचांत एकटेच टक लावून बघत होते.

विद्यापीठाच्या प्रयोगशाळेत नंदाची वर्गमैत्रीण होती. तिनं नाव न सांगण्याच्या बोलीवर दाढ कापली. दोन दिवसांनी आलेल्या आलेखावर एक रेघ होती: सुरुवातीला उंच, अठरा महिने तशीच उंच, मग एकदम खाली येऊन उमराळच्या खडकावर टेकलेली. शेवटपर्यंत तिथंच.

सातव्या दिवशी सुनावणी झाली. सुनावणी अधिकारी तलवारे चाळिशीचे, सौम्य बोलणारे. सरकारी वकिलांनी उठून सांगितलं की डॉक्टर ही संशयिताची मुलगी आहे, दाढ नियमाविरुद्ध काढली आहे आणि साक्षीदार परराज्यातली आहे.

"परराज्यातली म्हंजे?" आत्या म्हणाली. "बापानं लगीन करून दिलं तकडं. मी काय पळून गेले?"

तलवाऱ्यांनी नियमाप्रमाणे तिचं वाचन घ्यायला सांगितलं. आत्याच्या तोंडात चारच दात उरले होते. एक पहिली दाढ होती, दुष्काळाच्या कितीतरी आधी घडलेली. तंत्रज्ञानं काठी टेकली. आत्यानं डोळे गच्च मिटले होते.

दिवा हिरवा लागला.

तलवाऱ्यांनी आत्याकडे पाहिलं, मग अप्पांकडे. तेच नाक, तेच लांब कान.

"तुम्ही सख्खे?"

"एका पोटचे, सायब," अप्पा म्हणाले.

"एक इथली, आणि एक देशाबाहेरचा?" हा प्रश्न त्यांनी कुणालाच विचारला नव्हता. त्यांनी आलेख पुन्हा डोळ्यांजवळ धरला आणि आवाज उतरवून नंदाला म्हणाले, "डॉक्टर, हे मी मान्य केलं तर राज्यात अशी किती माणसं निघतील?"

"माहीत नाही. हजारो निघतील."

त्यांनी पेन खाली ठेवलं. त्यांच्या चेहऱ्यावर आलेला भाव नंदानं त्या आठवड्यात आरशात रोज पाहिला होता. "मला वर विचारावं लागेल," ते म्हणाले आणि आतल्या खोलीत गेले. तीन तासांनी बाहेर आले ते चार ओळींचा आदेश घेऊन. बसवंत बिराजदार यांचं वाचन रद्द. डॉक्टरवर तूर्त कारवाई नाही. इतरांबाबत प्रत्येकाचा पुरावा स्वतंत्र. ज्याची दाढ त्यानं सादर करावी.

बाहेर आल्यावर अप्पा पायरीवर मटकन बसले. रडले नाहीत. नुसते धापा टाकत राहिले, जणू कुणी मागं लागलं होतं आणि आत्ता कुठं थांबलं होतं. मग म्हणाले, "नंदे, बाकीचे दहा?"

पडताळणी निवास एका बंद सूतगिरणीत होता. नंदा आदेश घेऊन गेली. तिला पाहताच ती माणसं भिंतीशी सरकली. या बाईच्या हातातला दिवाच त्यांनी शेवटचा पाहिला होता. समजावता समजावता दुपार झाली. पाच दिवसांत तिनं नऊ दाढा काढल्या. नऊही आलेखांत तीच रेघ.

दहावी होती करजळीची सुंद्राबाई ऐवळे. तिनं पदर तोंडावरून काढलाच नाही.

"मावशी, एकदाच. मग सुटाल."

सुंद्राबाईनं पदर बाजूला केला. डावा गाल आत गेला होता. "गाडी यायच्या आदल्या दिशी," ती म्हणाली. "दगडानं पाडली. म्हटलं, पुना कुणाला वाचायलाच नगं."

"कुठं टाकलीत?"

"परड्यात. भिरकावली. कुठं पडली बगितलं बी न्हाई."

करजळीत सुंद्राबाईच्या घराला सरकारी कुलूप होतं, पण मागचं परडं उघडंच होतं. तिथं गाजरगवत कमरेएवढं वाढलेलं. नंदा, अप्पा आणि शब्बीरभाईंनी गवत उपटलं, वरची वीतभर माती खरवडली आणि पिठाच्या चाळणीनं चाळायला घेतली. दिवसाढवळ्या तिघं माती चाळत होते आणि शेजारच्या खिडक्या किलकिल्या होऊन पुन्हा मिटत होत्या. तलाठी येऊन विचारून गेला. मग एक पोलीस आला, काही न बोलता मोबाईलवर फोटो काढून गेला. फोटो कशाला, हे विचारायची त्यांची छाती झाली नाही. चाळणीत खडे येत, हाडकं येत, कोंबडीची, एकदा बांगडीचा तुकडा आला. पिठाची चाळणी दुसऱ्या दिवशी फाटली.

तिसऱ्या दिवशी सकाळी ते पोचले, तर मागच्या भिंतीवर वाळू चाळायची मोठी जाळी ठेवलेली होती. लाकडी चौकटीची, नवी. कुणी ठेवली म्हणून नंदानं भिंतीपलीकडे पाहिलं. एक बाई घाईघाईनं आत शिरत होती. तिनं मागं न बघता दार लावलं आणि आतून कडी घातल्याचा आवाज आला.

चौथ्या दिवशी दुपारी अप्पांना दाढ सापडली. टोक शाबूत होतं, मुळाचा एक पाय मोडलेला. मुळातल्या पेशींवरून ती सुंद्राबाईचीच ठरली, आणि कवचावरून तिची दीड वर्षांची भूक ठरली. निर्णय यायला आणखी दोन महिने गेले. तोवर नव्या परिपत्रकात दुष्काळाच्या सालांसाठी एक वेगळा रकाना आला होता. खाली टीप होती की त्याचा गैरफायदा घेणाऱ्यांवर नजर ठेवली जाईल.

सुंद्राबाई घरी आली त्या दिवशी नंदा तिला भेटायला करजळीला गेली. सरकारी कुलूप निघालं होतं. म्हातारी उंबऱ्यात बसली होती. तिनं नंदाला आत बोलावलं नाही, जा म्हणूनही सांगितलं नाही. नंदानं हात जोडले.

"माजी दाढ दे," सुंद्राबाई म्हणाली.

"ती माझ्याकडं नाही, मावशी. सरकारजमा झाली. पुरावा म्हणून ठेवलीय त्यांनी."

"कायमची?"

"कायमची."

सुंद्राबाईनं जिभेनं त्या मोकळ्या जागेत चाचपलं. रस्त्यावरून एक गाडी गेली, तेव्हा दोघींनीही दचकून तिकडं पाहिलं. दुधाची गाडी होती.

"म्हंजे मी कुठली," गाडी दिसेनाशी झाल्यावर ती म्हणाली, "ते त्येंच्याच कपाटात ऱ्हाणार म्हण की."